सिम्पसन्स : पैशांची ओढाताण असलेलं घर

[दृश्य : जुना, जाडजूड टीव्ही. पडद्यावर थोड्या थरथरत्या रेषांतली पिवळी माणसं.]

होमर सिम्पसन घरचा टीव्ही गहाण टाकायला निघालाय. घरातली भांडणं मिटवायला डॉक्टर मार्विन मनरो नावाचा समुपदेशक गाठायचाय आणि त्याची फी आहे २५० डॉलर. मुलांच्या कॉलेजसाठी साठवलेले पैसे मोजून झाले, ते शंभर डॉलरसुद्धा भरले नाहीत. बायको मार्ज कळवळून विचारते, टीव्हीऐवजी माझी साखरपुड्याची अंगठी ठेवली तर? होमर म्हणतो, तुझ्या भावना पोचल्या, पण आपल्याला दीडशे डॉलर हवेत.

‘द सिम्पसन्स’ या अमेरिकी कार्टून मालिकेचा हा भाग जानेवारी १९९० मधला. पुढे काय होतं? डॉक्टर सगळ्यांना विजेच्या खुर्च्यांवर बसवतो आणि प्रत्येकाच्या हाती बटणं देतो. समोरच्यानं मन दुखावलं की त्याला झटका द्यायचा. अख्खं कुटुंब एकमेकांवर असं तुटून पडतं की गावातले दिवे मंदावतात. शेवटी डॉक्टरच हात टेकतो. ‘गुण आला नाही तर दुप्पट पैसे परत’ ही त्याचीच जाहिरात, त्यामुळे ५०० डॉलर मोजून देतो. त्या पैशांत सिम्पसन मंडळी नवा, आधीपेक्षा मोठा टीव्ही आणतात. खुशीत!

[दृश्य : मॅट ग्रोनिंग यांची रेखाटनं.]

या मंडळींचा जन्म घाईतला. व्यंगचित्रकार मॅट ग्रोनिंग निर्माते जेम्स एल. ब्रुक्स यांना भेटायला गेले होते. आपली गाजलेली चित्रमालिका टीव्हीला दिली तर तिचे हक्क जातील, हे भेटीच्या तोंडावर लक्षात आलं. मग बाहेर बसल्या बसल्या त्यांनी नवंच कुटुंब रेखाटलं. नावं घरचीच घेतली : वडील होमर, आई मार्गारेट, बहिणी लिसा आणि मॅगी. १९८७ पासून एका विनोदी कार्यक्रमात मध्येमध्ये हे छोटे तुकडे दिसू लागले. स्वतंत्र अर्ध्या तासाची मालिका फॉक्स वाहिनीवर आली १७ डिसेंबर १९८९ ला.

खरं तर पहिला भाग वेगळाच ठरला होता. पण कोरियातून त्याचं अॅनिमेशन तयार होऊन आलं ते बघवेना. बराचसा भाग पुन्हा काढावा लागला, आणि जो आधी दाखवायचा तो हंगामाच्या शेवटी, मे महिन्यात लागला. सुरुवात मग नाताळच्या गोष्टीनं झाली.

तिथेही पैशाचंच रडगाणं. मार्जनं नाताळसाठी साठवलेली रक्कम मुलाच्या, बार्टच्या हातावरचं गोंदण काढण्यात संपते. होमरचा बोनस बुडतो. घरी सांगायची हिंमत नाही, म्हणून तो मॉलमध्ये सांताक्लॉज बनून उभा राहतो. हाती आलेली तुटपुंजी कमाईसुद्धा कुत्र्यांच्या शर्यतीवर लावतो, तीही शेवटच्या नंबरानं येणाऱ्या कुत्र्यावर. मालक त्या कुत्र्याला हाकलून देतो आणि होमर त्याला घरी आणतो. घरच्यांना वाटतं, हीच नाताळची भेट.

माझ्या मते सुरुवातीच्या हंगामांची खरी ताकद या ओढाताणीत आहे. पुढे होमर काय वाट्टेल ते उद्योग करू लागला. तो विनोदही फर्मास आहे. पण इथला होमर थकलेला नोकरदार बाप आहे, आणि हसावं कुठे हे सांगायला पार्श्वभूमीला हशाही नाही.

[दृश्य : ऑक्टोबर १९९०. गुरुवारची रात्र.]

दुसऱ्या हंगामात फॉक्सनं मालिका थेट ‘द कॉस्बी शो’ या दुसऱ्या वाहिनीवरच्या गाजलेल्या कौटुंबिक मालिकेसमोर, त्याच वेळेला उभी केली. तिकडे बाप डॉक्टर, आई वकील, घर कसं नीटनेटकं. इकडे बार्ट अभ्यास करूनही नापास होतो आणि शिक्षिकेसमोर ढसाढसा रडतो. या उनाड पोराचे टी-शर्ट काही शाळांनी बंद केले होते, हे लक्षात घेतलं की ते रडणं जास्तच लागतं.

जानेवारी १९९२ मध्ये खुद्द राष्ट्राध्यक्ष थोरले बुश भाषणात म्हणाले, अमेरिकी कुटुंबं वॉल्टन्ससारखी हवीत, सिम्पसन्ससारखी नकोत. ‘द वॉल्टन्स’ ही महामंदीच्या काळातल्या सालस कुटुंबाची मालिका. तीनच दिवसांत उत्तर आलं. एका जुन्या भागाच्या सुरुवातीला नवा तुकडा जोडला होता. टीव्हीवर बुश बोलतायत, आणि बार्ट म्हणतो, आम्हीही वॉल्टन्ससारखेच आहोत की, आम्हीही मंदी संपावी म्हणून प्रार्थना करतोय.

एक गोष्ट मात्र आज खटकते. दुकानदार अपू पहिल्याच हंगामात आला. हँक अझारिया यांनी त्याला दिलेल्या भारतीय हेलावरून अमेरिकेत वाढणाऱ्या भारतीय मुलांना शाळेत चिडवलं गेलं. अझारिया यांनी २०२० मध्ये तो आवाज देणं थांबवलं.

नव्यानं बघायला बसणार असाल, तर पहिला हंगाम गाळू नका. रेषा ओबडधोबड आहेत, होमरचा आवाजही वेगळाच लागेल. तो दुसऱ्या हंगामात बदलला. चार भाग पाहिलेत की कान सरावतील.