काळ दुरुस्त करणारी लाट

नमस्कार मंडळी. आज ज्या गोष्टीबद्दल बोलणारे ती कुठल्याही दुर्बिणीतून दिसलेली नाही, कारण ती निव्वळ कल्पनेतली आहे, पण माझ्या डोक्यात ती कित्येक दिवस घर करून बसलीये आणि तिच्यावर अगदी शेवटपर्यंत विचार करून बघावा असं मला मनापासून वाटतं.

समजा विश्वात एक लाट आहे. आपण तिला काळभरती म्हणू. कुठे काळाचा घोटाळा झाला, म्हणजे कुणीतरी मागे जाऊन काहीतरी बदललं, किंवा कारणाच्या आधीच परिणाम घडून बसला, की तिथून ही लाट उठते आणि सगळं पूर्ववत करत पुढे जाते. तिला मन नाही, राग नाही, तिला कुणी पाठवलेलं नाही. गोष्टींमधे काळाचे पोलीस, काळाचे पहारेकरी असतात ना, त्यांच्यापेक्षा मला हे जास्त पटतं, कारण निसर्ग कुणाला पकडायला जात नाही, तो फक्त आपल्या नियमाने वागतो.

आता हे अगदीच हवेतलं आहे असं समजू नका हं. १९४९ मधे गणितज्ञ कुर्ट गोडेल यांनी आइन्स्टाइनच्याच समीकरणांतून एक फिरणारं विश्व मांडून दाखवलं, ज्यात प्रवास करत करत माणूस स्वतःच्याच भूतकाळात पोचू शकतो. आपलं विश्व तसं फिरताना दिसत नाही, ते ठीक, पण समीकरणं नाही म्हणत नाहीत, खरी पंचाईत ही आहे. मग पुढे भौतिकशास्त्रज्ञ जोसेफ पोल्चिन्स्की यांनी एक साधं कोडं घातलं. बिलियर्डचा एक चेंडू घ्या, तो अशा बोगद्यात जातो की जो त्याला थोडा आधीच्या वेळेत बाहेर काढतो, आणि बाहेर आल्याआल्या तो स्वतःलाच असा धडकतो की मूळ चेंडू बोगद्याकडे जातच नाही. मग धडकला कोण? किप थॉर्न या भौतिकशास्त्रज्ञाच्या विद्यार्थ्यांनी हे गणित सोडवायला घेतलं आणि त्यांना फार सुंदर उत्तर सापडलं: बाहेर येणारा चेंडू जरासा तिरका येतो, जोरात धडकत नाही, नुसता घासून जातो, त्या घासण्यामुळे मूळ चेंडू जरा तिरका होऊन बोगद्यात शिरतो, आणि म्हणूनच तिरका बाहेर येतो. सगळा हिशोब जुळला, दुरुस्तीची गरजच उरली नाही!

१९९२ मधे स्टीफन हॉकिंग यांनी आणखी कडक भूमिका घेतली. त्यांचं म्हणणं असं की काळयंत्र तयार व्हायच्या क्षणालाच रिकाम्या अवकाशातही असणारी सूक्ष्म ऊर्जा त्यात फिरून फिरून इतकी वाढत जाईल की यंत्र टिकणारच नाही. म्हणजे घोटाळा होऊच द्यायचा नाही. ही अटकळ आहे, सिद्ध झालेला नियम नाही.

पण आपली काळभरती तर घोटाळा झाल्यावर येते. आणि इथे खरी गंमत सुरू होते.

बघा, घोटाळा झाला की त्याचा परिणाम प्रकाशाच्या वेगाने चहूकडे पसरायला लागतो, त्याहून जास्त वेगाने काहीच जात नाही. समजा लाट एक दिवसाने उठली आणि तीही प्रकाशाच्याच वेगाने निघाली. मग ती घोटाळ्याच्या मागे मागे धावत राहणार, पण गाठणार कधीच नाही! दोघांच्या मधे एक दिवसाचा थर कायम राहणार, सुमारे २,५९० कोटी किलोमीटर जाडीचा, आणि तो फुग्यासारखा विश्वात मोठा मोठा होत जाणार.

आता त्या थराच्या आत काय आहे ते बघा. समजा त्या घोटाळ्यामुळे एक मुलगी वाचली, जी खऱ्या इतिहासात वाचली नव्हती. तिला एक दिवस मिळाला. ती उठली, आईशी भांडली, दुपारी झोपली, आणि लाट आली तेव्हा तिचं वाक्य अर्धवट राहिलं. इथे आता कुणालाच काही आठवत नाही, आईलासुद्धा नाही. पण तिच्या अंगावरून निघालेला प्रकाश पुढे गेला ना! सव्वाचार वर्षांनी तो प्रॉक्सिमा सेंटॉरी या सूर्याच्या सर्वात जवळच्या ताऱ्यापाशी पोचेल, तिथे कुणी असलं आणि त्यांच्याकडे तेवढं ताकदवान यंत्र असलं तर त्यांना ती दिसेल, ते नोंद करतील, एकमेकांना बोलावून दाखवतील, आणि बरोबर एक दिवसाने लाट तिथेही पोचून त्यांची नोंद पुसून टाकेल. म्हणजे ती मुलगी प्रत्येक ठिकाणी एकच दिवस माहीत असणार, पण असं ठिकाण पुढे पुढे मिळतच राहणार. मला हा विचार पहिल्यांदा सुचला तेव्हा आधी वाईट वाटलं आणि मग खूप बरं वाटलं, दोन्ही खरं आहे.

कुणी म्हणेल, मग लाट जरा जास्त वेगाने सोडा की, गाठू दे तिला घोटाळा, होऊन जाऊ दे दुरुस्ती पूर्ण. पण तसं करता येत नाही, आणि याचं कारण आइन्स्टाइन यांनी १९०५ मधेच दिलेलं आहे. वेगवेगळ्या गतीने जाणाऱ्या लोकांचं 'आत्ता' एक नसतं. त्यामुळे प्रकाशापेक्षा वेगाने काही निघालं तर कुणा ना कुणाच्या घड्याळाने ते निघायच्या आधीच पोचलेलं दिसतं, कारणाच्या आधी परिणाम, म्हणजे नेमका तोच घोटाळा जो मिटवायला आपण तिला पाठवली होती. मग त्या लाटेच्या मागे आणखी एक लाट लागेल, तिच्या मागे आणखी एक. त्यापेक्षा तो एक दिवसाचा थर तसाच सुटू द्यावा, तिला तिचा दिवस राहू द्यावा, असं माझं मत आहे आणि मी ही गोष्ट लिहिली तर अशीच लिहिणार. तुम्ही काय केलं असतं ते कळवा. नमस्कार.