गॅलोडेटचे रिंगण

अमेरिकन फुटबॉलच्या मैदानावर एक दृश्य पुन्हा पुन्हा दिसते. चेंडू ज्यांच्या ताब्यात आहे त्या संघाचे अकरा खेळाडू खांद्याला खांदा लावून, डोकी आत झुकवून रिंगण धरतात, पुढची चाल ठरवतात आणि पांगून आपापल्या जागी जातात. या रिंगणाला ‘हडल’ म्हणतात. ते प्रथम धरण्याचे श्रेय सर्वसाधारणपणे दिले जाते ते वॉशिंग्टनमधील एका लहानशा कर्णबधिर महाविद्यालयाच्या संघाला.

केंडल ग्रीन या परिसरातील या संस्थेला पदव्या देण्याचा अधिकार १८६४ साली मिळाला आणि त्या कायद्यावर अब्राहम लिंकन यांनी सही केली. येथे फुटबॉल सुरू झाला १८८३ मध्ये. त्याच्या तीनच वर्षे आधी मिलान येथील परिषदेने कर्णबधिर मुलांना खुणांच्या भाषेऐवजी केवळ तोंडी बोलण्यातून शिकवावे, असा ठराव केला होता आणि शाळाशाळांतून ही भाषा हद्दपार होऊ लागली होती. संस्थेचे पहिले अध्यक्ष एडवर्ड माइनर गॅलोडेट यांनी त्या परिषदेत ठरावाला विरोध केला होता. म्हणून या मैदानावर मुले हातांनी बोलत होती, ही गोष्ट मला खेळाच्या इतिहासाइतकीच मोलाची वाटते.

हातांची भाषा दुरूनही दिसते, आणि अडचण नेमकी तेथेच होती. ऐकू येणाऱ्या संघांना या खुणा कळत नसत. परंतु समोर दुसऱ्या कर्णबधिर शाळेचा संघ उभा राहिला, की क्वार्टरबॅकने, म्हणजे चाल रचणाऱ्या खेळाडूने, हात हलवताच प्रतिस्पर्ध्यांना सगळा बेत वाचता येई. १८९४ मध्ये पॉल हबर्ड या क्वार्टरबॅकने यावर तोड काढली. त्याने सहकाऱ्यांना जवळ बोलावले, त्यांच्या पाठींची भिंत केली आणि त्या भिंतीआड खुणा केल्या. त्याच वर्षी महाविद्यालयाला गॅलोडेट हे नाव मिळाले. हबर्ड पुढे कॅन्ससमधील कर्णबधिरांच्या शाळेत गेला आणि तेथेही त्याने फुटबॉल रुजवला.

चाल ठरली, तरी सर्वांनी एकाच क्षणी झेपावायचे कसे, हा प्रश्न उरतोच, कारण इतर संघांत हा इशारा ओरडून दिला जातो. गॅलोडेटने मैदानाच्या कडेला एक भलामोठा ढोल आणून ठेवला. त्याचा ठोका पडला की हादरा जमिनीतून आणि हवेतून अंगापर्यंत पोहोचे आणि ठरलेल्या ठोक्याला सगळी फळी एकदम पुढे सरके. प्रतिस्पर्ध्यांना तो ढोल कानांनी ऐकू येत असे, पण कितव्या ठोक्याला चेंडू हलणार, हे मात्र रिंगणातल्यांनाच ठाऊक असे.

संघाची वाटचाल सरळ झाली नाही. १९९० च्या दशकाच्या मध्यात फुटबॉल अधिकृत स्पर्धांतून बाहेर पडून क्लबच्या पातळीवर उतरला आणि २००७ मध्ये राष्ट्रीय महाविद्यालयीन स्पर्धांच्या तिसऱ्या विभागात परतला, जेथे खेळासाठी शिष्यवृत्ती मिळत नाही. २०१३ मध्ये प्रशिक्षक चक गोल्डस्टीन यांच्या संघाने साखळीतील दहापैकी नऊ सामने जिंकले, आपल्या गटाचे विजेतेपद मिळवले आणि संस्थेच्या इतिहासात प्रथमच राष्ट्रीय बाद फेरी गाठली. तेथे होबार्ट महाविद्यालयाने त्यांना हरवले.

७ ऑक्टोबर २०२३ रोजी हिल्बर्टविरुद्धच्या सामन्यात गॅलोडेटच्या क्वार्टरबॅकने एक वेगळे हेल्मेट घातले. प्रशिक्षकाने मैदानाबाहेरून टॅब्लेटवर निवडलेली चाल त्या हेल्मेटमधील डोळ्यासमोरच्या छोट्याशा भिंगावर अक्षरांत उमटत असे, त्यामुळे प्रत्येक वेळी मान वळवून बाहेरच्या खुणा पाहण्याची गरज उरली नाही. गॅलोडेटने तो सामना ३४-२० असा जिंकला. मात्र हे हेल्मेट फक्त क्वार्टरबॅकच्या डोक्यावर होते. भिंगावरची अक्षरे वाचून झाली, की उरलेल्या दहा जणांना तो ती चाल हातांनीच सांगत होता.