दमास्कस, म्हणजे एकाच प्लॉटवर तीन हजार वर्षं

जगातलं सगळ्यात जुनं शहर कुठलं यावर नेटवर कायम भांडणं चालू असतात, कुणी जेरिको म्हणतं, कुणी अलेप्पो, कुणी दमास्कस, आणि खरं सांगायचं तर त्या भांडणात पडण्यात काही अर्थ नाही. आपण सीरियाच्या राजधानीतला, म्हणजे दमास्कसमधला फक्त एक प्लॉट बघूया. आत्ता स्क्रीनवर जे मोठं अंगण दिसतंय ना, तीच ही जागा.

इथे आधी अरामी लोकांचं हदादचं देऊळ होतं, हदाद म्हणजे वादळ-पावसाचा देव. मग रोमन आले, त्यांनी त्याच जागी ज्युपिटरचं मोठं मंदिर उभं केलं. रोमन साम्राज्य ख्रिस्ती झालं तसं तिथे सेंट जॉनचं चर्च आलं. आणि मग अरब आले, साधारण 635 च्या सुमाराला शहर त्यांच्या हातात गेलं, पण चर्च लगेच पाडलं वगैरे काही नाही, बरीच वर्षं त्याच आवारात ख्रिस्ती आणि मुसलमान दोघंही प्रार्थना करत होते असं जुने इतिहासकार सांगतात.

661 मध्ये उमय्यद घराण्याचा मुआविया खलिफा झाला आणि दमास्कस राजधानी झालं. साधीसुधी नाही हं, स्पेनपासून सिंधपर्यंत पसरत गेलेल्या साम्राज्याची! 706 च्या सुमाराला खलिफा अल वलीदने चर्च ताब्यात घेऊन पाडलं, आणि 715 पर्यंत तिथे उमय्यद मशीद उभी राहिली. भिंतींवरचं मोझेक बघा. सोनेरी पार्श्वभूमीवर झाडं, नदी, पूल, महाल, सगळं आहे, फक्त माणूस किंवा प्राणी एकही नाही. आतमध्ये सेंट जॉनचं, म्हणजे मुसलमानांच्या याह्या पैगंबरांचं शीर असल्याचं मानतात, त्याची छोटी घुमटी आहे. 2001 मध्ये पोप जॉन पॉल दुसरे इथे आले होते, मशिदीत पाऊल ठेवणारे ते पहिले पोप.

पण हे सगळं इथेच का? उत्तर आहे बरादा नदी. डोंगरातून येते, कासियून पर्वताच्या पायथ्याशी तिचे फाटे फुटतात, कालवे निघतात, त्यावर घूता नावाचा बागायती पट्टा पिकतो आणि पुढे नदी वाळवंटाच्या कडेला जिरून जाते. समुद्राला मिळतच नाही. वाळवंटातून येणाऱ्या व्यापारी तांड्याला इथे पाणी, सावली, फळं सगळं मिळायचं, मग शहर वसणारच की.

राजधानीपण मात्र फार टिकलं नाही. शेवटच्या उमय्यद खलिफाने तर आधीच मुक्काम हर्रानला (आजच्या तुर्कस्तानात) हलवला होता, 750 मध्ये अब्बासी या दुसऱ्या घराण्याने उमय्यदांना संपवलं आणि 762 मध्ये बगदाद बांधायला घेतलं. दमास्कस एकदम साइडला पडलं.

पुन्हा दिवस आले ते 1154 मध्ये, अलेप्पोचा राजा नूरुद्दीनने शहर घेतलं तेव्हा. त्याने बांधलेलं हॉस्पिटल अजून उभं आहे. त्याच काळात मशिदीच्या एका दरवाज्यापाशी पाण्यावर चालणारं घड्याळ होतं, दर तासाला पितळेचे ससाणे चोचीतून गोळे वाटीत टाकायचे, टण्ण! नंतर सुलतान सलाउद्दीन आला, 1193 मध्ये इथेच वारला, मशिदीच्या शेजारीच त्याची कबर आहे.

1401 मध्ये तैमूर दारात. शहरात इतिहासकार इब्न खल्दून अडकला होता, वय सत्तरीच्या आसपास, आणि हा बाबा दोरखंडाला धरून तटबंदीवरून खाली उतरला आणि थेट तैमूरला भेटायला गेला, पुढे कित्येक दिवस दोघांच्या गप्पा चालल्या. गप्पांनी शहर काही वाचलं नाही. लूट झाली, मशीदही जळाली, आणि चांगले कारागीर तैमूरने समरकंदला नेले.

ऑटोमन काळ, 1516 ते 1918, पटकन सांगतो: हजचे मोठे तांडे इथून निघायचे आणि बाजार त्यावर चालायचा. 1908 मध्ये हिजाझ रेल्वे मदिनेपर्यंत पोचली.

1 ऑक्टोबर 1918 ला शहर तुर्कांच्या हातून गेलं. त्या मोहिमेत भारतीय घोडदळही होतं, आपली पूना हॉर्स पण, तिच्या युद्धसन्मानांत दमास्कसचं नाव आहे. मार्च 1920 मध्ये अरब बंडाचा नेता फैसल राजा झाला, दमास्कस परत अरब राजधानी! किती दिवस? जुलैमध्ये फ्रेंचांशी मैसलूनची लढाई झाली आणि ते आत घुसले. 1925 मध्ये बंड झालं तर त्यांनी शहरावर तोफा डागल्या, जुन्या गावाचा एक भागच जळाला, त्या भागाला लोक आजही अल हरीका म्हणजे आग म्हणतात.

1946 मध्ये फ्रेंच गेले. नंतर सत्तापालटांची रांग, मग असद घराणं, 2011 पासून यादवी, आणि 8 डिसेंबर 2024 ला बशर अल असद पळाला. घूताच्या बागा तोवर बऱ्याच सिमेंटखाली आणि लढाईत गेल्या होत्या. पिण्याचं पाणी मुख्यतः ऐन अल फीजाच्या झऱ्यातून येतं, आणि 2016 च्या डिसेंबरात लढाईमुळे ते बंद पडलं तेव्हा पन्नास लाखांवर लोक कित्येक आठवडे टँकर आणि विहिरींवर होते.