पाठलाग बघताना गाडीकडे बघू नका

नमस्कार श्रोतेहो.

पडद्यावर पाठलाग सुरू झाला की नायकाची गाडी सोडा, मागची माणसं बघा. फुटपाथवरची बाई उगाच तुरुतुरु चालत असेल, तर कॅमेऱ्याची चलाखी आहे असं समजा. सिनेमा सेकंदाला २४ फ्रेमनं दिसतो. चित्रीकरण २० फ्रेमनं केलं, की ५०च्या वेगातली गाडी ६०नं चालल्यासारखी वाटते. पण मग धूर, धुरळा, रस्त्यावरचं कुत्रं, सगळ्यांनाच घाई होते.

त्यापेक्षा वाइड लेन्स लावून कॅमेरा बंपरच्या उंचीवर न्यावा. रस्ता लेन्सखालून पळतो आणि चाळीसचा वेगही अंगावर येतो. लांबचं जवळ आणणाऱ्या टेलिफोटो लेन्सनं लांबून घेतलं, तर पन्नास फुटांचं अंतर हातभर दिसतं. ट्रकखाली जाता जाता वाचलेला नायक बहुधा असाच वाचलेला असतो!

स्टंटच्या गाडीच्या एअरबॅग आधी निकामी करतात. ऐन धक्क्यात फुगली तर चालकाला स्टिअरिंग धरता येत नाही. ब्रेकमधलं एबीएसही बंद. ते चाक लॉक होऊ देत नाही, आणि मागची चाकं लॉक झाल्याशिवाय गाडी गर्रकन फिरणार कशी? रस्त्यावर पाणी मारलं की टायरची पकड लवकर सुटते, शिवाय रात्री दिव्यांची झळाळी फुकट मिळते. गाडी उलटवायची असेल तर आत पोलादी पिंजरा, आणि पेट्रोल शॉटपुरतंच.

१९६८चा ‘बुलिट’ हा अमेरिकी सिनेमा घ्या. सॅन फ्रान्सिस्कोच्या चढउतारांवरचा साधारण ११ मिनिटांचा पाठलाग. ऐन पाठलागात पार्श्वसंगीत नाही, नुसती इंजिनं. संकलनाला ऑस्कर मिळालं. तरीही एक हिरवी फोक्सवॅगन त्यात पुन्हा पुन्हा मागे पडते, कारण एकाच उतारावरची धाव वेगवेगळ्या कोनांतून टिपून लांबवली आहे. गल्ल्यांचा क्रमही नकाशाशी जुळत नाही. आपल्याकडे अलका चौकात वळलेली गाडी पुढच्याच शॉटला कात्रज घाटात निघाली, तर थिएटरमधले पुणेकर गप्प बसतील?

दिशेचं मात्र पथ्य पाळावंच लागतं. पुढचा डावीकडून उजवीकडे पळत असेल, तर मागचाही तसाच हवा. नाहीतर दोघं समोरासमोर धडकणार असं वाटतं. दिशा बदलायचीच तर वळण दाखवा, किंवा मध्ये गाडी थेट समोरून येऊ द्या.

आणि आवाज! मातीच्या रस्त्यावर टायर किंचाळत नाही, खडे उडून पत्र्यावर तडतडतात. तरी उसाच्या फडातून पळणाऱ्या जीपला डांबरी रस्त्यावरचं ‘कर्रर्र’ बिनदिक्कत चिकटवतात.