अनुकंपेचा अर्ज आजच द्या, मुलगा मोठा व्हायची वाट बघू नका

नमस्कार. एवढ्या पावसात फोंड्याला आलात, त्यात पुढच्या रांगेत बहुतेक वहिनी आणि आया बसल्यात, म्हणून सरळच बोलतो. मी अठ्ठावीस वर्षं सरकारी खात्यात आस्थापनेला काढली. नोकरीत असताना माणूस गेला की त्याचं सर्व्हिस बुक माझ्या टेबलावर यायचं. बारावं झाल्यावर घरचे यायचे, आम्ही ग्रॅच्युइटी, जीपीएफ, रजेचे पैसे, फॅमिली पेन्शन असे सगळे फॉर्म द्यायचो, पण अनुकंपेच्या नोकरीचं, म्हणजे माणूस नोकरीत असताना गेला की त्याच्या घरातल्या एकाला खात्यात मिळू शकते त्या नोकरीचं, कुणी स्वतःहून काढत नसे. आणि कुणी विचारलंच तर उत्तर ठरलेलं, वहिनी, पोरगा नववीत ना, अठरा पुरी होऊ द्या मग बघू. हे मीसुद्धा सांगितलंय. त्यांच्या भल्यासाठीच सांगितलं, पण त्या घरांचं त्यात नुकसान झालं आणि ते मला आजही खातं.

कारण कोर्ट याकडे वेगळ्या नजरेनं बघतं. उमेश कुमार नागपाल केसमध्ये 1994 साली सुप्रीम कोर्टानं स्पष्ट सांगितलं, ही नोकरी म्हणजे हक्क नव्हे, कमावता माणूस अचानक गेला की घर उघड्यावर पडू नये म्हणून भरतीच्या नियमाला केलेला अपवाद आहे, तोही क्लास थ्री आणि फोरच्या, म्हणजे कारकून-शिपाई अशा खालच्या जागांपुरता. म्हणजे दहा वर्षांनी गेलात की पहिला प्रश्न हाच, इतकी वर्षं घर चाललं ना? हरयाणातला एक पोलीस कॉन्स्टेबल 1997 मध्ये ड्युटीवर वारला, मुलगा तेव्हा सात वर्षांचा, सज्ञान झाल्यावर 2008 मध्ये त्यानं नोकरी मागितली आणि 2024 मध्ये सुप्रीम कोर्टानं ती नाकारली. सात वर्षांच्या पोरानं काय करायचं होतं, हे मला अजून कळलेलं नाही, पण निकाल तो आहे. म्हणून मुलगा लहान असेल तर बायकोनं स्वतःच्या नावानं अर्ज करायचा, शिक्षण कमी असलं तरी करायचा, मल्टिटास्किंगची, म्हणजे शिपायासारख्या कामाची जागा बसते का ते खातं बघेल.

आपल्याकडे अजून एक घोळ होतो. गोव्यात सिव्हिल कोडमुळे लग्न झालं की मालमत्तेत नवराबायकोचा साधारण अर्धाअर्धा वाटा, मुलगा मुलगी सारखे, त्यामुळे लोक नोकरीसुद्धा वारसाहक्कातच धरतात आणि आधी नोटरीकडे वारसांचं डीड करायला बसतात, त्यात एक मुलगी गल्फात, एक जण रुसलेला, वर्ष असंच जातं. डीड लागेल तेव्हा लागेल, पण वारस कोण आणि त्या पगारावर कोण जगत होतं हे दोन वेगळे प्रश्न आहेत, अनुकंपेत दुसरा महत्त्वाचा. मृत्यूचा दाखला हातात आला की अर्ज द्या, बाकीचे कागद नंतर जोडा.

पोस्टात, कस्टममध्ये ज्यांची माणसं होती त्यांना केंद्राचे नियम. तिथे थेट भरतीच्या फक्त 5 टक्के जागा यासाठी असतात. अर्ज विचारात ठेवायला तीन वर्षांची मुदत 2003 मध्ये घातली होती ती 2012 मध्ये काढली, पण जुन्या अर्जाची छाननी कडकच होते.

आणि उशीर खात्याचा असेल तर? 1989 मध्ये, सुषमा गोसाईं केसमध्ये, सुप्रीम कोर्टानंच म्हटलं होतं की अशा नेमणुकीला उशीर नको, जागा नसेल तर जादा पद तयार करा. पण बंगालमधल्या नगरपालिकांचे 2005-06 चे अर्ज वर्षानुवर्षं पडून राहिले आणि 2023 मध्ये निकाल वारसांच्या विरुद्ध गेला, अधिकाऱ्यांनी वेळेत निर्णय घ्यायला हवा होता असं कोर्ट म्हणालं तरीसुद्धा. फाईल त्यांच्या कपाटात आणि वर्षं मोजली जातात तुमची, हे मला फार लागतं. म्हणून टेबलावर अर्ज ठेवून घरी येऊ नका, इनवर्ड नंबर आणि शिक्का असलेली कॉपी घ्या, दोन तीन महिन्यांनी लेखी स्मरणपत्र द्या, उत्तर नाही आलं तर आरटीआय टाका, आणि नकार आला तर तोही लेखी मागा, वकिलाकडे लगेच जा.

मागच्या टेबलावर कोरे कागद ठेवलेत. ज्यांच्या घरी गेल्या वर्षभरात असं झालंय त्यांनी चहाआधी तिथे बसा, नाव, खातं, मृत्यूची तारीख आणि घरात कोण कोण आहे एवढं लिहूया, सोमवारी तुम्ही ते ऑफिसात नेऊन द्या.