चार टप्प्यांचा चेंडू

(दृश्य: लॉर्ड्सचा जुना पॅव्हेलियन)

जुलै 1900. लॉर्ड्सवर मिडलसेक्स विरुद्ध लेस्टरशायर. सॅम्युअल को 98 वर खेळतोय. एक फिरकी चेंडू चार टप्पे खात येतो, को चकतो आणि यष्टीचीत होतो. शतकाला दोनच धावा कमी! प्रथम श्रेणी क्रिकेटमधला गुगलीचा, म्हणजे हात एका बाजूचा वाटतो आणि वळतो उलट बाजूला अशा चेंडूचा, हा पहिला बळी मानला जातो. आपल्याकडे गल्लीतसुद्धा चार टप्प्यांचा चेंडू टाकणाऱ्याला पुढची ओव्हर मिळायची नाही.

गोलंदाजाचं नाव बर्नार्ड जेम्स टिंडल बोझँकेट. जन्म 1877 चा, शिक्षण ईटन आणि ऑक्सफर्डला. मूळचा मध्यमगती गोलंदाज, पण फलंदाजी त्याहून सरस. याच सामन्यात त्याने 136 आणि 139 धावा काढल्या.

(दृश्य: टेबल, टेनिसचा चेंडू)

गुगली जन्मली ती टेबलावर. 1897 च्या सुमारास बोझँकेट 'ट्विस्टी-ट्वोस्टी' नावाचा खेळ खेळायचा. टेबलाच्या दोन टोकांना दोघांनी बसायचं आणि टेनिसचा चेंडू असा टप्पा पाडून टाकायचा की समोरच्याला तो झेलता येऊ नये. हात एका बाजूचा वाटावा आणि चेंडू दुसरीकडे वळावा, हे त्याला इथे सापडलं. मग नेटमध्ये खरा चेंडू.

(दृश्य: मनगटाचं संथ चित्रण)

आता मनगटाकडे पाहा. पहिली दोन बोटं शिवणीवर पसरलेली, अनामिका दुमडून शिवणीला टेकलेली. अंगठ्याला काम नाही. फिरक देते ती मुख्यतः अनामिकाच. लेगब्रेक या फिरकी चेंडूत चेंडू लेगकडून (फलंदाजाच्या पायांच्या बाजूकडून) ऑफकडे (समोरच्या, बॅटच्या बाजूकडे) वळतो. गुगलीला पकड तीच, पण मनगट आणखी वळवायचं, इतकं की चेंडू सुटताना हाताची मागची बाजू फलंदाजाला दिसावी. चेंडू करंगळीच्या बाजूने निसटतो आणि ऑफकडून आत येतो.

अडचण इथेच आहे. मनगट वळवण्याच्या नादात डावा खांदा लवकर पडतो, डोकं कलतं आणि टप्पा हरवतो: एक फुलटॉस, तर पुढचा अर्ध्या खेळपट्टीवर. गुगली फार टाकत राहिलं तर मनगटाला तीच सवय लागते आणि मूळ लेगब्रेक बिघडतो. मग फसवायचं कशाने?

हे शिकायला वर्षं लागतात, आणि त्या वर्षांत मार खावा लागतो. बोझँकेटला तो परवडला, कारण तो हौशी खेळाडू होता. व्यावसायिकाचं पोट सामन्याच्या मानधनावर. चार टप्प्यांचे चेंडू टाकून संघातली जागा कोण घालवेल? हौशींची ड्रेसिंग रूम वेगळी, मैदानात उतरायचं फाटक वेगळं, धावफलकावर आद्याक्षरं आडनावाच्या आधी. ही भिंत थेट 1962 मध्ये पडली.

(दृश्य: सिडनी)

1903 मध्ये सिडनीला त्याने व्हिक्टर ट्रम्परचा त्रिफळा उडवला तो गुगलीवरच. ऑस्ट्रेलियात या चेंडूला 'बोझी' नाव पडलं. पुढच्या वर्षी तिथेच कसोटीत 51 धावांत 6 बळी, आणि अ‍ॅशेस (इंग्लंड-ऑस्ट्रेलिया कसोटी मालिकेचा मान) इंग्लंडकडे. 1905 ला इंग्लंडमधल्या ट्रेंट ब्रिज मैदानावर 107 धावांत 8. एकूण कसोट्या मात्र सातच, बळी 25.

मिडलसेक्सचाच सहकारी रेगी श्वार्झ हे जवळून पाहत होता. त्याने गुगली दक्षिण आफ्रिकेत नेली आणि लेगब्रेकच्या फंदात न पडता बहुतेक चेंडू गुगलीच टाकले. 1905-06 मध्ये चार गुगली गोलंदाज खेळवून दक्षिण आफ्रिकेने इंग्लंडला 4-1 असं हरवलं.

तोवर बोझँकेटने गोलंदाजी जवळजवळ सोडूनच दिली होती. 1908 च्या इंग्लिश मोसमात सरासरीच्या यादीत त्याचं नाव सगळ्यात वर होतं. यादी फलंदाजांची.