क्लाउदिया कार्दिनाले: चेहरा एकीचा, आवाज दुसरीचा

मंडळी, अभिनेत्री क्लाउदिया कार्दिनालेचे सुरुवातीचे इटालियन चित्रपट पाहताना एक गोष्ट ध्यानात ठेवा. पडद्यावर दिसते ती तीच, पण ऐकू येते ती दुसरीच कुणी.

तिचा जन्म १९३८ चा, ट्युनिसजवळच्या ला गुलेतचा. घरात सिसिलियन बोली, शाळेत फ्रेंच. १९५७ साली तिथल्या इटालियन मुलींची सौंदर्यस्पर्धा तिनं जिंकली, बक्षिसात व्हेनिसचा चित्रपट महोत्सव पाहायला मिळाला आणि पुढे रोम. पण तिचे इटालियन उच्चार फ्रेंच वळणाचे होते, आवाज घोगरा. मग दुसऱ्या बाईचा आवाज बसवला गेला.

रोमच्या चित्रपटसृष्टीची तेव्हा रीतच ती होती. चित्रीकरणात मुद्रित होणारा आवाज फक्त खुणेपुरता. नंतर डबिंगच्या खोलीत फिल्मचा छोटा तुकडा पुन्हा पुन्हा दाखवायचा आणि ओठ पाहत संवाद म्हणायचा. इथे घात करतो तो आपला प-वर्ग. प, ब, म ओठ मिटल्याशिवाय उमटत नाहीत. समीपदृश्यात ओठ मिटलेले दिसले आणि कानावर ‘आ’ पडला, की सोंग उघडं पडतं. म्हणून संवाद लिहिणारा नेमक्या त्या जागी ओष्ठ्य वर्णाचा शब्द शोधतो. बाकीची अक्षरं थोडी मागेपुढे झाली तरी खपून जातात, आणि नटी पाठमोरी असेल तर वाक्य हवं तसं लांबवता येतं.

या सोयीमुळेच अनेक देशांचे नट एका दृश्यात उभे राहू शकले. दिग्दर्शक व्हिस्कोंतीच्या ‘द लेपर्ड’मध्ये (१९६३) बर्ट लँकेस्टर इंग्रजी बोलत होता, आलाँ दलाँ फ्रेंच. समोरच्याची भाषा कळत नसेल, तर त्याचं वाक्य संपायची वाट पाहावी लागते, आणि त्या थांबण्यानं दृश्य सैल पडतं. कार्दिनालेला फ्रेंच आणि इटालियन दोन्ही येत होत्या, हे तिचं मोठंच भांडवल.

त्याच सुमारास दिग्दर्शक फेलिनीच्या ‘एट अँड हाफ’चंही काम चालू होतं. व्हिस्कोंतीला तिचे केस काळेभोर हवेत, फेलिनीला फिकट, म्हणून ते सारखे रंगवावे लागत. पण तिचा स्वतःचा आवाज इटालियन पडद्यावर पहिल्यांदा राहू दिला तो फेलिनीनं. त्या घोगरेपणातच तिचं वेगळेपण होतं, आणि ते हेरायला चित्रपटसृष्टीला पाच वर्षं लागावीत याची खंत वाटते. पुढे ‘ला रगाझा दी बूबे’ तिनं स्वतःच्या आवाजात केला आणि १९६५ चा ‘नास्त्रो दार्जेंतो’ हा इटालियन चित्रपट पुरस्कार मिळवला.

हॉलिवूडमध्ये तिनं कामं केली, तिथल्या स्टुडिओशी बांधून घेणं मात्र नाकारलं. दिग्दर्शक लेओनेच्या ‘वन्स अपॉन अ टाइम इन द वेस्ट’मध्ये (१९६८) इंग्रजी आवाज पुन्हा दुसरीचाच आहे. तरी तिनं साकारलेली जिल स्टेशनवर उतरते तो प्रसंग जरूर पाहा. संगीतकार मोरिकोनेचं संगीत चित्रीकरणाआधीच तयार होतं, सेटवर ते वाजवत असत. न्यायला कुणी आलेलं नाही. ती घड्याळ पाहते, चालू लागते, आत जाऊन चौकशी करते. कॅमेरा खिडकीबाहेरच थांबतो, मग छतावरून वर चढतो आणि गाव उलगडतं. त्या सुरावटीत एडा डेल’ओर्सो गाते, एकही शब्द न उच्चारता.